पारूच्या ग्योज्या

आमची पारू हट्टी. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढं तुम्ही तिची कीव करत बसणार नाही. कीव केलेली तिला कधी खपली नाही अन् मलाही खपत नाही. ती माझी धाकटी जाऊ. कैक वर्षं आम्ही एका चुलीवर काढली, मग चुली वेगळ्या झाल्या, मधली भिंत तेवढी एकच राहिली. भिंतीपलीकडं ती खोकली तरी मला कळायचं की आज बाईचं काहीतरी बिनसलंय.

गाव आमचं उदगीरच्या अलीकडं, रस्त्याला लागून. आम्ही दोघी लग्न होऊन आलो तेव्हा ते उस्मानाबाद जिल्ह्यात होतं. मग लातूर जिल्हा झाला. सगळीकडं गुलाल, बँड, भाषणं. पारू दारात उभी राहून म्हणाली, "बाई, आपण जागचं हललो न्हाई अन् जिल्हा बदलला. नळ तेवढा यायचा राह्यला." असं बोलायची ती. हसायची नाही, नुसतं बोलायची, अन् आपण मात्र पोट धरून हसायचं.

तिचा नवरा ज्ञानोबा, म्हणजे माझा दीर, पोरगं शाळेत जायच्या आधीच काविळीनं गेला. पारूनं रस्त्याच्या कामावर खडी फोडली अन् व्यंकटीला वाढवलं. व्यंकटी हे आमच्या सासऱ्याचं नाव. पोरगं मवाळ, भांडण दिसलं की गल्ली बदलणारं. दहावीला आपटलं अन् गावातल्या पोरांसोबत पुण्याकडं गेलं, चाकणला. तिथं गाड्यांच्या कारखान्यात आलेल्या जपानी साहेबांसाठी एक गेस्ट हाऊस होतं. आधी भांडी घासली, मग भाजी चिरली, मग हळूहळू स्वयंपाकाला लागला. एक म्हातारा साहेब होता म्हणे तिथं, मोठा इंजिनिअर, पण रविवारी कमरेला फडकं बांधून स्वतः ओट्याशी उभा राहायचा. त्यानं व्यंकटीला ग्योझा शिकवले, आमच्या तोंडी ग्योज्या. डुकराच्या खिम्याच्या जपानी करंज्या म्हणा, म्हणजे तुम्हाला चटकन कळंल.

पहिल्यांदा सुट्टीला आला तेव्हा बॅगेत एक सपाट पॅन अन् काळ्या सॉसची बाटली. बिदर रोडला एका पोरानं पांढरी डुकरं पाळली होती, तिथून खिमा करून बर्फात घालून आणला. पारूनं विचारलं, "कशाचं हाय?"

"डुकराचं."

आमच्या बौद्धवाड्यात बकरं, कोंबडी, मासळी सगळं चालतं, डुक्कर कुणी खात नाही. गटारात लोळलेलं जनावर बघूनच आमच्या बाया तोंड फिरवतात. मला वाटलं आता ही पिशवी उकिरड्यावर जाते. पारूनं पिशवीचं तोंड उघडून आत पाहिलं.

"तू खातोस?"

"हाव. लई खातो."

"मग दे इकडं. कांदा चिरायचा का?"

एवढंच. माझ्या घरात असतं तर मी दोन दिवस रामायण केलं असतं.

करायची रीत अशी की कोबी एकदम बारीक चिरायचा, मीठ चोळून ठेवायचा अन् पाणी सुटलं की घट्ट पिळायचा. खिम्यात आलं, लसूण, कांद्याची पात, तो सॉस. मैद्याच्या पातळ पाऱ्या लाटायच्या, मधी सारण ठेवायचं अन् कडा जुळवताना एकाच बाजूनं निऱ्या घालायच्या. नेसत्या साडीच्या निऱ्या जशा एकावर एक बसतात तशा. मग पॅनमधी तेल, खालून लाल करायच्या, अन् शेवटी तेलातच पाणी ओतून वर झाकण. पाणी ओतलं तेव्हा चर्रर आवाज झाला अन् पारू ओरडली, "अरं मुडद्या, तेलात पाणी कोण घालतंय?" व्यंकटी हसून हसून बसला. वाफेवर शिजल्यावर त्यानं पहिली आईच्या तोंडात घातली. ती चावली अन् म्हणाली, "बरी हाय. मीठ कमी." पारूच्या तोंडून "बरी हाय" म्हणजे दुसऱ्याच्या तोंडून पेढे.

पुढं पुढं तिचाच हात त्याच्यापेक्षा चांगला बसला. तिनं एक सुधारणाही केली. कोबीचं पिळलेलं पाणी ती फेकू देईना. त्याच खारट पाण्यात मैदा मळायची, उरलं तर पॅनमधी वाफेला घालायची. "आपल्याकडं पाणी ओतून देत न्हाईत," म्हणायची. व्यंकटीनं चाकणला जाऊन तसं करून पाहिलं तर साहेब म्हणे खूश झाला. खरं खोटं देव जाणे, पोरगं आईला खूश करायला काहीही बोलायचं. लग्न झालं, बिलोलीकडची पंचशीला सून म्हणून आली, तिलाही दोघांनी निऱ्या घालायला बसवलं. तिघं मिळून करायचे अन् तिघंच खायचे. मला वास यायचा. मीही चोरून दोन-चार खाल्ल्यात, त्याची मला लाज नाही.

भावकीतलं मात्र दुसरं कुणी शिवेना. पोरं चिडवायची, "व्यंकटी, डुकराच्या करंज्या झाल्या का?" तो ओशाळं हसायचा. त्याला आतून लागायचं. एकदा माझ्याजवळ म्हणाला, "मोठेआई, परके लोक माझ्या हातचं मागून खातेत. माझ्या घरचे ताटाला हात लावत न्हाईत. मग मी काय शिकलो?" मी त्याला चहा आणून दिला अन् शेजारी बसून राहिले.

त्याच्या डोक्यात एक खूळ होतं. उदगीर जिल्हा होणार. तेव्हा त्याचं वारं लई होतं, बंद, मोर्चे, बॅनर. व्यंकटी म्हणायचा, "एकदा जिल्हा झाला की कलेक्टर येईल, बाहेरचे साहेब येतील. मी नांदेड रोडला गाळा घेतो अन् ग्योझा विकतो. मग बघा भावकी कशी रांगेत उभी राहती." पारू म्हणायची, "मागचा जिल्हा झाला तवा नळ आला न्हाई, ह्या जिल्ह्यात तुझा कलेक्टर येतोय व्हय." पण शेजारणीला तीच सांगायची की आमचा व्यंकटी हॉटेल टाकणार हाय.

लातूरला रेल्वेनं पाणी आणायला लागले ते साल. आमच्या गावची विहीर माघातच खडखडली होती. टँकर यायचा, कधी आठवड्यानं, कधी त्याहून उशिरा. यायचा कधी ते त्याच्या मनावर. हॉर्न वाजला की हातातलं टाकून पळायचं. वरच्या गल्लीच्या घागरी पुढं, आमच्या मागं. कुणी तसा कायदा केलेला नव्हता, पण तसंच होतं.

व्यंकटी जयंतीला आला तो ठरवूनच आला. यंदा सगळ्या भावकीला खाऊ घालायचं. जयंतीच्या आदल्या दिवशी दुपारी माय-लेक-सून बसून पाऱ्या लाटत होते. सारण झालं होतं. तेवढ्यात हॉर्न वाजला. पारू म्हणाली, "व्यंकटी, पळ, एक घागर धर. वाफेला पाणी लागंल." पिठाच्या हातानंच तो उठला. मी पुढं पोचले होते, माझ्या डोळ्यांदेखत झालं. टँकरभोवती ही झुंबड. वरून पाईप टाकायला तो टँकरवर चढला, तरणी पोरं चढायचीच. ड्रायव्हरला वाटलं सगळे बाजूला झाले, त्यानं गाडी मागं घेतली. व्यंकटी मागच्या बाजूनं खाली पडला अन् चाक त्याच्यावरून गेलं.

मी तुम्हाला सगळं सांगणार नाही. एकच सांगते. टँकरचा कॉक उघडाच होता, पाणी वाहत होतं, अन् त्याही वेळी काही बायांनी घागरी लावल्या. माझं डोकं फिरलं. मी त्यांना नाही नाही ते बोलले. पण त्या रडत होत्या अन् भरत होत्या. ते पाणी वाहून गेलं असतं तर त्यांची लेकरं पुढचा टँकर येईपर्यंत तहानली असती. दुष्काळ माणसाला असं करतो, अन् त्याला कुणी शिक्षा करत नाही.

पारू रडली नाही. उदगीरच्या सरकारी दवाखान्यातून मढं आलं, अग्नी दिला, सगळं झालं. त्यानंतर तिनं तोंडात काही घेतलं नाही. अन्न नाही, पाणी नाही. पंचशीला तिच्या ओठाला चहाचा चमचा लावायची, दोन चमचे जायचे, तिसऱ्याला दात आवळायची. मी ओरडले, हात जोडले. तिचं एकच, "पाणी मी मागितलं."

"अगं, टँकर आल्यावर सगळेच जातेत. तू न्हाई म्हणली असतीस तरी तो गेला असता."

"मी मागितलं, बाई."

चौथ्या दिवशी तिला उठून बसता येईना. डोळे आत गेलेले, बोटं थंड. पंचशीला भिंतीला टेकून बसलेली, तिचं तर वयच काय. तिचा बाप बिलोलीहून आला होता, लेकीला घेऊन जातो म्हणत होता. पोरगी म्हणाली, "आईंना अशा टाकून मी कुठं बी येणार न्हाई." व्यंकटीच्या नावानं करायचा जलदान विधी रविवारचा ठरला होता. मी पारूजवळ बसले अन् सरळ विचारलं, "तुला मरायचंय का?"

ती म्हणाली, "त्याच्या जलदानाला त्याच्या ग्योज्या करायच्या. भावकीनं पंगतीला बसून खायच्या. त्यांनी खाल्ल्या की मी घास घेते."

"अन् न्हाई खाल्ल्या तर?"

ती भिंतीकडं वळली.

झालं. ती जिद्दीला पेटली म्हणजे पेटली. मी चप्पल घातली अन् शेषेरावाच्या घरी गेले. शेषेराव आमच्या भावकीतला थोर माणूस, वाड्यातलं काहीही त्याला विचारल्याशिवाय होत नाही. तो खाईल तर सगळे खातील. त्यानं ऐकून घेतलं अन् डोकं धरलं.

"वहिनी, तुम्ही तरी समजून घ्या. आपल्या बापजाद्यांनी छप्पनच्या साली मेल्या जनावराचं सोडलं. त्यासाठी गावाचा मार खाल्ला. आता आपणच डुक्कर शिजवायचं अन् तेही जलदानाला?"

"मेलेलं न्हाई ते. पाळलेलं हाय. खाटकानं कापलेलं."

"ते तुम्हाला ठावं. वरच्या गल्लीला कळलं तर काय म्हणतील? आधीच आपल्या घागरी मागं. उद्या म्हणतील डुक्कर खाऊन आलेल्यांनी पाईपला हात लावू नका. मग काय करायचं? माझ्या घरात तान्हं लेकरू हाय."

तो खोटं बोलत नव्हता, हेच तर वाईट. त्याला चार शिव्या हासडाव्यात असं तोंडाशी आलं होतं. पण मी पाहिलं, त्याचेही ओठ फुटलेले, धोतर किती दिवसांचं कोण जाणे. म्हणलं, "शेषेराव, पाण्याला घाबरून तुम्ही न्हाई म्हणा, मला समजंल. पण मग रविवारी व्यंकटीचं जलदान अन् पुढच्या रविवारी पारूचं, दोन्हीला तुम्हीच यायचं. तिच्या तोंडाकडं बघून जा एकदा." अन् निघून आले. रस्त्यात मला रडू आलं.

शनिवारी उदगीरचे भंते विहारात आले होते, वयस्क माणूस. मी त्यांना गाठलं. डुकराचं आहे हेही सांगितलं, उगं लपवाछपवी नको. त्यांनी मला समोर बसवलं. मग म्हणाले, "चुंद लोहारानं भगवंतांना शेवटचं जेवण दिलं. पुष्कळ लोक म्हणतात ते डुकराचंच होतं. त्यानंतर भगवंत आजारी पडले. पण जाण्याआधी त्यांनी आनंदाला सांगितलं की चुंदाला कुणी दोष देऊ नका, त्यानं मनापासून दिलं. बाईंना हे सांगा. मी येतो अन् जेवतोही." मी घरी येऊन पारूला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "चुंदानं जेवाय घातलं. मी पाणी आणाय धाडलं."

रविवारी सकाळी आम्ही तिघी बसलो. पंचशीलाचा बाप बिदर रोडवरून खिमा घेऊन आला, बिचाऱ्यानं एक अक्षर न बोलता आणला. पारूला भिंतीला उशी देऊन बसवलं होतं. तिच्यानं लाटणं धरवत नव्हतं, पण पारी हातात दिली की बोटं आपोआप निऱ्या घालायची. डोळे दुसरीकडंच. माझ्या ग्योज्या उघड्या पडायच्या, ती माझ्या हातातून काढून घ्यायची अन् नीट करायची. पाणी म्हणाल तर तिच्या घरातली अर्धी घागर अन् माझ्यातली एक कळशी. त्यातलं एक तांब्या विधीला काढून ठेवलं. कोबीचं पाणी कणकेत गेलं. बाकीचं वाफेला अन् भाताला. शेवटची खेप पॅनमधून काढली तेव्हा दोन्ही भांडी पालथी घातली होती.

दारापुढं मंडप घातला होता, लोक आले. सगळे आले. शेषेरावही आला, मागं बसला. भंतेंनी वंदना घेतली, त्रिशरण, पंचशील. मग घरच्यांनी मिळून एक तांब्या धरायचा अन् ताटातल्या वाटीत पाणी सोडायचं, वाटी भरून ताटात सांडेपर्यंत. भंते गाथा म्हणत होते. पंचशीलानं धरला, मी धरला. पारूचा हात धरून लावू गेले तर तिनं मागं घेतला. "मी न्हाई पाणी ओतत." वाटी भरली, सांडली. ते पाणी पंचशीलानं नेऊन बाहेरच्या लिंबाच्या बुडाशी घातलं, रीतच आहे ती. मंडपातल्या सगळ्यांचे डोळे त्या ओल्या मातीकडं लागले होते. ती मिनिटभरात वाळली.

भंतेंना आधी वाढलं. त्यांनी ग्योझी मोडली, खाल्ली, दुसरी घेतली. मग पंगत बसली, शेषेरावाला दारासमोरच जागा मिळाली. भात, वरण अन् प्रत्येकाच्या पत्रावळीवर ग्योज्या. पारू दाराच्या चौकटीला टेकून बसली होती अन् शेषेरावाकडं बघत होती. सगळेच त्याच्याकडं बघत होते. तो पत्रावळीकडं बघत बसला. मग त्यानं एक उचलली. म्हणाला, "व्यंकटीच्या नावानं."

अन् हॉर्न वाजला.

त्या दिवशी टँकर यायचा नव्हता. व्यंकटी गेला त्याच दिवशी तर येऊन गेला होता, पुढल्या आठवड्याआधी कुणाच्या ध्यानीमनीही नव्हतं. पहिला हॉर्न वाजला तेव्हा कुणी हललं नाही. दुसऱ्याला बाया उठल्या. मग पोरं, मग सगळेच. कुणी पत्रावळ ओलांडली नाही, जपून जपून उठले, पण उठले. शेषेरावानं हातातली ग्योझी परत पत्रावळीवर ठेवली, अलगद ठेवली. "पारू, आलोच," म्हणाला. म्हातारा माणूस पळत गेला. भंते मान खाली घालून बसले. मंडपात वाढलेल्या पत्रावळी राहिल्या. मी त्यांना दोष देत नाही. पण तेव्हा मला वाटलं, सगळ्या पत्रावळी उचलून त्या टँकरच्या तोंडावर नेऊन फेकाव्यात.

पंचशीला आत गेली अन् घागर घेऊन आली. दारातून बाहेर पाऊल टाकणार तेवढ्यात पारूनं तिचा पदर धरला.

"तू जाऊ नको."

"आई, घरात थेंब न्हाई. पुन्हा कवा येईल ठावं न्हाई."

"जाऊ नको म्हणलं."

पंचशीलानं सासूकडं पाहिलं. घागर कमरेवरून खाली ठेवली नाही. म्हणाली, "तुम्ही घास घ्या. मग न्हाई जात."

"भावकीनं खाल्लं न्हाई अजून."

"मग जाते मी."

ती पोरगी काय बोलत होती ते तिला पक्कं ठाऊक होतं. रस्त्यावरून आरडाओरडा ऐकू येत होता, घागरींचा, बायांचा, इंजिनाचा. पंचशीलानं एक पाऊल पुढं टाकलं. पदर ताणला. पारूनं दुसरा हात लांब केला, समोर शेषेरावाची पत्रावळ होती, त्यावरची तीच ग्योझी उचलली अन् तोंडात घातली.

चावायला तिला लई वेळ लागला. इतक्या दिवसांत तोंडात काही नव्हतं, जीभ वाळून गेलेली, मैदा टाळूला चिकटला. गळ्याला हात लावून ती माझ्याकडं बघायला लागली. मी सवयीनं उठले, कळशी वाकवली, मग घागर बघितली, मग तांब्या. "पाणी न्हाई, पारू," मी म्हणलं. तिनं मान हलवली, असू दे म्हणून. एकदा गिळायला गेली, घास वर आला. डोळ्यांतून पाणी आलं, व्यंकटी गेल्यापासून पहिल्यांदा. पुन्हा गिळलं. ह्या वेळी गेला.

पंचशीला घागर खाली ठेवून तिच्याजवळ बसली. तिनंही एक उचलली. दोघी कोरड्या तोंडानं चावत बसल्या, एकमेकींकडं न बघता. पारूची मूठ मात्र पदरावर तशीच आवळलेली होती. टँकर निघून गेल्याचा आवाज आला, लांब उदगीर रस्त्याला लागल्याचा, तेव्हा कुठं तिनं पदर सोडला.